मुख्याध्यापकाची जागा व ज्येष्ठतेचा तंटा

मुख्याध्यापक सेवानिवृत्त व्हावयाचे असले कीं विद्यार्थ्यांस निरोपसमारंभाचे वेध लागतात. शिक्षकांच्या खोलींत मात्र त्याच सुमारास एका कागदाची चर्चा सुरू होते. तो कागद म्हणजे सेवाज्येष्ठतेची यादी. पालकांपैकीं पुष्कळांनीं ती कधीं पाहिलीहि नसेल. परंतु हायकोर्टापर्यंत गेलेले शाळांचे कित्येक तंटे या एका कागदांतून निघालेले आहेत, आणि त्यांचा उपद्रव शेवटीं वर्गांतल्या मुलांसच होतो. म्हणून त्याविषयीं चार शब्द लिहिण्याचें आम्हीं योजिलें आहे.

महाराष्ट्रांत खाजगी शाळांतील सेवकांच्या सेवाशर्ती १९७७ च्या कायद्यानें व त्याखालील १९८१ च्या नियमांनीं ठरविल्या आहेत. माध्यमिक शाळेचा मुख्याध्यापक पदवीधर व प्रशिक्षित असावा, पदवीनंतर निदान पांच वर्षें त्यानें पूर्ण वेळ शिकविलेलें असावें व त्यांपैकीं दोन वर्षें तरी बी. एड्. नंतरचीं असावींत, अशी अट आहे. अशा पात्र शिक्षकांपैकीं जो सर्वांत ज्येष्ठ व ज्याची सेवा समाधानकारक, त्यासच ती जागा द्यावयाची. इतकें सरळ असतां भांडण कोठें, असें कोणीहि विचारील. भांडण ‘ज्येष्ठ’ या एका शब्दांत आहे.

जो आधीं नोकरीस लागला तो ज्येष्ठ, अशी आपली समजूत. नियमांस जोडलेलें ‘फ’ परिशिष्ट तसें म्हणत नाहीं. त्यांत माध्यमिक शिक्षकांचे पात्रतेप्रमाणें वर्ग पाडले आहेत, व त्या त्या वर्गांत प्रवेश झाल्यापासून ज्येष्ठता मोजली जाते. समजा, एक गृहस्थ पदवी नसतां डी. एड्. च्या बळावर शाळेंत लागले, दहा वर्षें खालच्या इयत्ता शिकविल्या, आणि रात्रीं जागून बी. ए. व पुढें बी. एड्. झाले. मध्यंतरीं एक बाई बी. एस्सी., बी. एड्. होऊनच शाळेंत आल्या. नोकरीचीं वर्षें गृहस्थांचीं अधिक. पण पदवीधर प्रशिक्षितांच्या वर्गांत बाई आधीं. यादींत बाईंचें नांव वर पाहून गृहस्थांस वाटतें कीं आपलीं दहा वर्षें कोणीं तरी पुसून टाकलीं. त्यांचें दुःख खोटें नाहीं, आणि बाईंचा हक्कहि खोटा नाहीं. (दोघे एकाच वर्गांत एकाच दिवशीं आले असल्यास जो वयानें वडील तो ज्येष्ठ!)

ही यादी तयार करून शिक्षकांत फिरवावी, त्यांच्या सह्या घ्याव्या, हरकती विचारांत घ्याव्या आणि वाद राहिल्यास तो शिक्षणाधिकाऱ्यांकडे न्यावा, असें नियम सांगतो. पण कित्येक ठिकाणीं यादीवरची धूळ खुर्ची रिकामी होण्याच्या आदल्या महिन्यांतच झटकली जाते. आमचा रोष आहे तो येथें. ज्येष्ठ शिक्षकानें आपला हक्क सोडावयाचा झाल्यास तसें स्वहस्ताक्षरानें लिहून द्यावें व त्यावर शिक्षणाधिकाऱ्यांचा शेरा असावा, ही अट नियमकारांनीं उगीच घातलेली नाहीं. दडपण कोठें येतें हें त्यांस ठाऊक असावें.

डावललेल्या शिक्षकास तीस दिवसांच्या आंत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करतां येतें. तेथून प्रकरण हायकोर्टांत जातें. सेवानिवृत्तीचें वय अठ्ठावन्न; पंचावन्नाव्या वर्षीं दाद मागणारा साठाव्या वर्षीं जिंकला तर त्याच्या हातीं खुर्ची येत नाहीं, पगाराच्या व निवृत्तिवेतनाच्या फरकाचा हिशेब येतो. तोंवर शाळेवर ‘प्रभारी’ असतो, शिक्षकांत दोन तट पडतात, आणि कोणते गुरुजी कोणाशीं बोलत नाहींत हें आठवीच्या मुलांसहि पाठ होतें.

आमच्यासारख्या मिशनरी शाळांची गोष्ट निराळी. राज्यघटनेच्या ३० व्या कलमानें अल्पसंख्याकांस आपल्या संस्था चालविण्याचा हक्क आहे. १९७७ च्या कायद्यानेंहि अशा शाळांच्या मुख्याध्यापकाची निवड आपल्या तरतुदींतून वगळली आहे. केरळांतील एका प्रकरणांत सुप्रीम कोर्टानें १९९८ सालीं हें स्वातंत्र्य स्पष्टपणें मान्य केलें: माणूस पात्र असावा, ज्येष्ठतमच असला पाहिजे असें नाहीं. पुढें २०१७ सालीं गोव्यांतील एका शिक्षिकेच्या प्रकरणांत त्याच कोर्टानें असेंहि सांगितलें कीं, निवडीचें स्वातंत्र्य असलें तरी ती न्याय्य व उघड रीतीनें करण्याची जबाबदारी सुटत नाहीं, आणि हायकोर्टास ती तपासतां येते.

आम्हांस हा दुसरा निकाल पहिल्याइतकाच मोलाचा वाटतो. हक्क सोडून द्यावा असें आम्ही म्हणत नाहीं. केवळ नोकरींत अधिक वर्षें काढलीं म्हणून मनुष्य शाळा चालवूं शकतो असें नव्हे, आणि संस्थेचें ध्येय जाणणारा मुख्याध्यापक तिला हवा असतो. परंतु वीस वर्षें ज्यानें गणित शिकविलें त्यास आपण कां डावलले गेलों हें नोटीस-बोर्डावरून कळावें, हें कोणत्याहि शाळेस शोभणारें नाहीं. व्यवस्थापकांनीं त्यास नेमणुकीपूर्वीं बोलावावें, कारणें लेखी द्यावींत, त्याचें म्हणणें ऐकून घ्यावें, आणि ज्येष्ठतेची यादी दर जूनमध्यें शिक्षकांच्या खोलींत लावावी. याकरितां कायदा बदलावा लागत नाहीं, कीं सरकारची परवानगीहि लागत नाहीं.