विश्लेषण : अपील प्रलंबित असताना पक्षकार वारला, तर वारसांचे म्हणणे कोण ऐकणार?

शेतजमिनीच्या फेरफाराविरुद्धचे अपील प्रांत कार्यालयात अनेकदा वर्षानुवर्षे चालते. या काळात पक्षकार वारला तरी फाइलवर त्याचेच नाव राहू शकते आणि सुनावणीची नोटीसही त्याच्याच नावाने निघते. मग वारसांना निकाल कळतो तो पीककर्जासाठी सातबारा काढल्यावर. हा वारसांचा गाफीलपणा म्हणावा की कार्यपद्धतीतील उणीव?

अपिलाची उतरंड काय?
गाव नमुना 6 मध्ये घेतलेली फेरफार नोंद हितसंबंधितांना नोटीस दिल्यानंतर मंडळ अधिकारी प्रमाणित करतात. त्याविरुद्ध महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 247 नुसार उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील होते. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध अपिलाची मुदत 60 दिवसांची, इतर आदेशांविरुद्ध 90 दिवसांची आहे. फेरफाराने मालकी ठरत नाही, असे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. पण बँक असो की खरेदीदार, आधी सातबाराच पाहिला जातो. त्यामुळे ‘नुसती नोंदच तर आहे’ म्हणून हा प्रश्न झटकता येत नाही.

दिवाणी न्यायालयात काय होते?
दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 22 मध्ये यासाठी स्वतंत्र नियम आहेत. पक्षकाराच्या मृत्यूनंतर 90 दिवसांत वारसांना रेकॉर्डवर आणावे लागते. ती मुदत हुकून दावा संपुष्टात आला, तर तो पुनरुज्जीवित करण्यासाठी पुढील 60 दिवसांत अर्ज करता येतो. पक्षकाराच्या मृत्यूची माहिती न्यायालयाला देण्याचे कर्तव्य 1976 च्या दुरुस्तीने वकिलावर टाकले. महसूल संहितेतील अपिलाच्या तरतुदींत इतकी तपशीलवार व्यवस्था नाही. त्यामुळे बरेच काही अधिकाऱ्याच्या दक्षतेवर सोडले जाते.

मग वारसांना संरक्षण कशाचे?
नैसर्गिक न्यायाचे. ज्याच्या हक्कावर परिणाम होणार, त्याचे ऐकून घेतले पाहिजे. हे तत्त्व प्रशासकीय निर्णयांनाही लागू असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 1969 च्या क्रैपक प्रकरणात स्पष्ट केले. मृताविरुद्ध, वारसांना न ऐकता दिलेला निर्णय वरच्या पायरीवर टिकणे अवघड असते. पण तिथवर जाण्याचा खर्च आणि विलंब माफीचा अर्ज वारसांच्याच माथी येतो. चूक कार्यालयाची असूनही खुलासा त्यांनाच करावा लागतो.

सर्वाधिक झळ कोणाला?
सासरी गेलेल्या मुलींना. महाराष्ट्राने 1994 मध्ये आणि केंद्राने 2005 मध्ये वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना वारसहक्क बळकट करणाऱ्या दुरुस्त्या केल्या. नोटीस मात्र गावच्या पत्त्यावर जाते आणि ती भाऊ घेतो. एक वारस हजर असला की मालमत्तेचे प्रतिनिधित्व झाले, असे अनेकदा मानले जाते. भाऊ-बहिणीचे हित एकच असेल, तर ते ठीक. भावानेच बहिणीचे नाव वगळू पाहिले असेल, तर हे प्रतिनिधित्व कागदापुरतेच उरते.

यातून अपिले लांबणार नाहीत का?
हा आक्षेप बिनबुडाचा नाही. वारसांची नावे टप्प्याटप्प्याने देऊन प्रकरण लोंबकळत ठेवणारेही असतात. पण त्यावर उपाय ठरावीक मुदतीचा आहे, नोटीस टाळण्याचा नाही. वारसांना एकदाच, उदाहरणार्थ 30 दिवसांची नोटीस द्यावी. कोणी आले नाही तर तसे आदेशात नमूद करून प्रकरण पुढे चालवावे. तसे झाले तर वारसांवर अन्याय नको आणि समोरच्या पक्षाचा खोळंबाही नको, हे दोन्ही साधेल.

शासनाला काय करता येईल?
मृत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावण्यासाठी शासनाने 2025 मध्ये ‘जिवंत सातबारा’ मोहीम राबवली. गाव नमुना 6-क मध्ये वारसांची नोंद असते. म्हणजे एकाच खात्याच्या एका टेबलावर मृत्यू नोंदलेला असतो आणि दुसऱ्या टेबलावरून मृताच्या नावे नोटीस निघत राहते. प्रकरण निकालासाठी बंद करण्यापूर्वी 6-क तपासणे आणि त्यातील प्रत्येक वारसाला स्वतंत्र नोटीस देणे परिपत्रकाने बंधनकारक करता येईल. नोटीस मिळालीच नसेल, तर वारसासाठी अपिलाची मुदत आदेश कळल्याच्या दिवसापासून मोजावी. वारस कोण, हे दप्तराला ठाऊक असताना त्यांना न ऐकता निकाल देण्याचे समर्थन करता येत नाही.