जामिनाचे कलम गेले, की परत यायला ४३ वर्षे लागतात

सप्टेंबर २०१७. बनारस हिंदू विद्यापीठात एका विद्यार्थिनीची छेड काढली गेली आणि २२ तारखेला मुली लंका चौकातल्या सिंहद्वारापाशी ठिय्या देऊन बसल्या. मागण्या काय, तर रस्त्यांवर दिवे लावा, सुरक्षारक्षक नेमा, तक्रार ऐकून घ्या. २३ तारखेच्या रात्री त्यांच्यावर लाठ्या चालल्या. पाठोपाठ पोलिसांत गुन्हा नोंदला गेला, तो मात्र शेकडो ‘अज्ञात’ विद्यार्थ्यांवर.

अशा गुन्ह्यात उद्या कुणाचेही नाव घुसडता येते. परीक्षा, नोकरी, पासपोर्ट, सगळेच टांगणीला लागते. पुण्या-नागपुरातला वकील अशा वेळी थेट सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज टाकतो. वाराणसीच्या वकिलाला तेव्हा ती सोयच नव्हती. उत्तर प्रदेशात ते कलमच अस्तित्वात नव्हते.

१९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने देशाला अटकपूर्व जामिनाचे कलम ४३८ दिले. उत्तर प्रदेशाने आणीबाणीत, १९७६च्या दुरुस्तीने, ते आपल्यापुरते गाळून टाकले. आणीबाणी उठली, सगळ्या रंगांची सरकारे आली नि गेली. कलम परतले ते थेट ६ जून २०१९ रोजी. मधल्या काळात, १९९४ साली, सर्वोच्च न्यायालयाने कर्तारसिंग खटल्यात हे वगळणे वैधही ठरवले. त्याचा अर्थ नीट लक्षात घ्या. विधिमंडळाच्या एका ओळीने हा हक्क जाऊ शकतो, आणि न्यायालय आड येईलच याची खात्री नाही.

खटल्याविना कैद काय असते, हे काशीतल्या मराठी माणसाला नव्याने सांगायला नको. पुढे ‘आज’ दैनिकाचे संपादक म्हणून गाजलेले, मूळचे मालवणकडच्या पराड गावचे बाबूराव विष्णू पराडकर १९१६मध्ये क्रांतिकारक असल्याच्या संशयावरून पकडले गेले आणि १९२०मध्ये सुटले. ते परक्यांचे राज्य होते. १९७६मध्ये कात्री चालवणारे विधिमंडळ आपलेच होते.

‘आंदोलकांना असे संरक्षण दिले तर दंगलखोरांना रान मोकळे’ असे म्हणणारे भेटतात. त्यांनी १९८०चा गुरबक्षसिंग सिब्बिया निकाल पाहावा. सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या घटनापीठाने त्यात सीमा आखून दिल्या आहेत. गुन्हा नोंदण्याआधीही अर्ज करता येतो, पण अटकेची भीती रास्त हवी. कुठल्याच गुन्ह्यात अटक नको, असा सरसकट आदेश मिळत नाही. चौकशीला हजर राहा, साक्षीदारांना धमकावू नका, अशा अटी न्यायालय घालते. दगड मारल्याचा सबळ पुरावा असेल तर न्यायाधीश अर्ज फेटाळू शकतात. खटला कुणाचाच रद्द होत नाही, टळते ती फक्त निकालाआधीची कोठडी.

ती कोठडी घराचे काय करते, हे डिसेंबर २०१९मध्ये वाराणसीच्या बेनियाबागेने पाहिले. नागरिकत्व दुरुस्ती कायद्याविरुद्धच्या निदर्शनातून १९ तारखेला पकडलेल्यांत एक जोडपे होते. त्यांची मुलगी १४ महिन्यांची. आई सुटली ती २ जानेवारीला. जागेवरच धरपकड झाली तर अटकपूर्व जामीन उपयोगी पडत नाही. पण ज्यांची नावे नंतर, एखाद्या व्हिडिओवरून किंवा कुणाच्या सांगण्यावरून चढतात, त्यांना तोच एक आधार असतो.

२०१९मध्ये कलम परत देताना उत्तर प्रदेशाने अपवादांची यादी जोडली होती. त्यात बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायदा (यूएपीए) होता, राज्याचा गँगस्टर कायदाही होता. १ जुलै २०२४पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत हेच कलम ४८२ झाले आहे. फौजदारी प्रक्रिया समवर्ती सूचीत येते. म्हणजे राष्ट्रपतींची संमती मिळाली की कोणतेही राज्य पुन्हा अपवाद वाढवू शकते. महाराष्ट्रही.

तेव्हा हातावर हात ठेवून बसू नका. वकील संघटनांनी प्रत्येक मोठ्या आंदोलनाच्या काळात अटकपूर्व अर्जांसाठी मोफत मदत कक्ष उघडावा. मोर्चाला जाणाऱ्यांनी ओळखीच्या वकिलाचा फोन नंबर मोबाइलमध्येच नव्हे, कागदावरही जवळ ठेवावा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो, उत्पन्नाची अट नाही. हे गावागावांत सांगा. ‘सरकारी कामात अडथळा’ आणण्यासाठी सरकारी नोकरावर बळाचा वापर, हा अजामीनपात्र गुन्हा आहे आणि शेतकरी, शिक्षक, आरक्षण आंदोलक यांच्यापैकी कुणावरही तो लागू शकतो. तो आज दुसऱ्यावर लागला म्हणून गप्प बसू नका.

आणि सर्वांत महत्त्वाचे. सुरक्षेच्या नावाने येणाऱ्या प्रत्येक विधेयकातले जामिनाचे कलम आधी वाचा. त्यात ‘कलम ४८२ लागू होणार नाही’ अशी ओळ दिसली, तर ते विधेयक कोणत्याही पक्षाचे असो, आपल्या आमदाराला त्याच दिवशी लेखी हरकत पाठवा.