‘जैन’ म्हणजे वजाबाकी नव्हे!



आज जरा स्पष्टच बोलणार आहे. आपल्या कागल पंचतारांकित एमआयडीसीत कारखान्यांचे कार्यक्रम वाढलेत. आपणही मिस्टरांबरोबर नटूनथटून जातो. तिथे ‘जैन’ पाटीच्या टेबलावर काय असतं? तेच पनीरचे चौकोन, फक्त कांदा-लसूण काढलेले. आणि तेही रात्री साडेआठला! ज्यांचा रात्रीभोजनाचा त्याग आहे त्यांनी हातात पर्स धरून हसत उभं राहायचं. पंचतारांकित हा शब्द वसाहतीच्या सोयींसाठी आहे, मान्य. पण पाहुणीच्या ताटलीला निदान एक तारा?

यात दोष एकट्या केटररचा नाही, आपलाही आहे. आमच्या ओळखीतल्या एका कारखान्यात स्पेन आणि नायजेरियाचे पाहुणे येणार होते. स्टार्टर्स आम्ही बायकांनी सुचवायचे होते. मी दोन्ही देशांची चव एकत्र आणू म्हटलं, तर लगेच उत्तर आलं, “असलं परदेशी आपल्यात चालत नाही.”

का चालत नाही? धर्म पदार्थाचं नाव विचारतो की त्यातले जिन्नस? मद्य, मांस, मधु आणि पाच उदुंबर फळं सोडा, असं अष्टमूलगुण सांगतात. कंदमूळ टाळा, पाणी गाळा, पिठाची मर्यादा पाळा: पावसाळ्यात 3 दिवस, उन्हाळ्यात 5, हिवाळ्यात 7. यात देशाचं नाव कुठे आलं? देशच बघायचा तर मिरची, टोमॅटो आणि शेंगदाणा हे तिन्ही मूळचे अमेरिका खंडातले. आणि आपली चवळी? ती पश्चिम आफ्रिकेची लेक, हजारो वर्षांपूर्वी आपल्याकडे नांदायला आलेली. तिला आपण कधी परकी म्हटलं का?

नायजेरियात चवळीचे वडे करतात, त्यांना ‘अकारा’ म्हणतात. चवळी भिजवायची, चोळून सालं काढायची, वाटायची आणि हलकी होईपर्यंत फेटून तळायची. सोड्याची गरज नाही, हातच हवेत. त्यात ते कांदा घालतात. आपण हिरवी मिरची आणि बारीक चिरलेली ढोबळी मिरची घालू. सकाळी भिजत घातलेली चवळी दुपारी वाटून लगेच तळायची, म्हणजे शिळेपणाचा प्रश्न नाही. सोबत स्पेनची ‘रोमेस्को’ चटणी: भाजलेली लाल ढोबळी मिरची, टोमॅटो, बदाम, सुकी मिरची. लसूण वगळा, शिळ्या पावाऐवजी बदाम वाढवा, आणि वाइनच्या व्हिनेगरच्या जागी लिंबू पिळा. मात्र वड्यांबरोबर दह्याची चटणी ठेवू नका, द्विदल होईल. हे केटररला सांगणार कोण? आपणच.

स्पेनमध्ये तळलेल्या बटाट्यावर तिखट टोमॅटोचा रस्सा घालून ‘पाटाटास ब्राव्हास’ देतात. आपला बटाटा बंद. पण नायजेरियात पिकलेली मोठी केळी तळून खातात! मग त्याच रश्श्याखाली केळी ठेवली की दोन देश एका ताटलीत आले आणि आपला नियमही राहिला. बटाट्याऐवजी कच्चं केळं हे आपल्याला कोणी शिकवायला नको.

तिसरा ‘सुया’ मसाला. तिकडे तो मांसाला लावतात, म्हणून नाक मुरडू नका. मसाल्यात शेंगदाण्याचा कूट, लाल तिखट, मीठ आणि सुंठ असते. ओलं आलं न खाणाऱ्या घरांतही सुंठ बहुधा चालते. कांदा-लसणाची पूड टाळून तो पनीरला आणि ढोबळी मिरचीला लावा, तव्यावर परता. शेंगदाण्याच्या चटणीवर वाढलेल्या कोल्हापूरकरणीला ही चव अनोळखी वाटणार नाही.

काही काकू म्हणतील, “एवढा खटाटोप कशाला? ढोकळा ठेवा.” ढोकळा जरूर ठेवा. पण ढोकळा ठेवून आपण फक्त आपली सोय बघतो. लांबून आलेल्या पाहुण्याला त्याच्याच घरची चव, जीवहिंसा टाळून, आपल्या हातून मिळाली, तर अहिंसा त्याला भाषण न ऐकता कळेल.

दुसऱ्या बाजूच्या वहिनी म्हणतील, “एक दिवस डोळे मिटून खायचं, कोण बघतंय?” त्यांना माझं म्हणणं इतकंच: नियम आपण घेतलाय, बघणाऱ्याने नाही. आपल्यातही रोज कांदा-लसूण खाणारी आणि चातुर्मासातच सोडणारी घरं आहेत. मी कोणाच्या घरात डोकावत नाही. पण ज्या बाईने नियम घेतलाय, तिला उपाशी ठेवून किंवा मोडायला लावून पार्टी होत असेल, तर तो पाहुणचार नव्हे.

खरी मागणी वेळेची आहे. डिसेंबरात आपल्याकडे सहाच्या सुमारास सूर्य मावळतो. कार्यक्रम साडेसातला असू दे, भाषणं दहापर्यंत चालू देत, पण स्टार्टर्सचं टेबल साडेचारला लागलंच पाहिजे. आमंत्रण आलं की आपल्या मिस्टरांना, मुलाला, किंवा आपण स्वतः नोकरीत असू तर थेट साहेबांना हे सांगा. लाजू नका. वाहनांसाठी पार्किंग मागतो, तसंच हे.

आणि सोबत जिन्नसांची यादी द्या: काय नको ते दोन ओळींत, काय हवं ते दहा ओळींत. आपण ‘नको’ एवढंच सांगत राहिलो, तर समोरचा वजाबाकीच करत राहणार.