लपवणाऱ्यांची नोंद कुठे आहे?

मराठवाडा मुक्तिसंग्रामाच्या गोष्टीत आपल्याला थरार आवडतो. ४ डिसेंबर १९४७ रोजी नारायणराव पवारांनी निजामाच्या मोटारीवर टाकलेला बॉम्ब, ३० जानेवारी १९४८ ची उमरी बँकेची लूट, धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके यांनी निजामाच्या बाजूच्या रझाकारांवर फेकलेले हातबॉम्ब. हे सारं खरं आहे आणि दर १७ सप्टेंबरला, मुक्तिदिनी, सांगितलंच पाहिजे. पण त्या भरात जोखमीचा अर्धा हिशेब सुटतो. उमरखेडसारखे स्वातंत्र्यसैनिकांचे सरहद्दीवरचे कॅम्प निजामाच्या राज्याबाहेर होते. कारवाई झाली की सैनिकांना हद्द ओलांडता येई. आदल्या रात्री त्यांना जेवू घालणारं घर मात्र गावातच राही आणि सूड उगवायला आलेले रझाकार गावातच शिरत. एरवी दहा भाकऱ्या लागणाऱ्या घरात वीस थापल्या गेल्या, तर फितुराला तेवढी खूण पुरेशी होती. ही जोखीम बहुतेक वेळा चुलीपुढची बाईच उचलत होती.

भूमिगतांच्या प्रेमकथा सांगतानाही आपण फक्त दोघांकडेच बघतो. मराठवाड्याबाहेरचं उदाहरण घ्या: इंग्रजांविरुद्ध लढणाऱ्या साताऱ्याच्या प्रतिसरकारातले जी. डी. बापू लाड यांचं मे १९४५ मध्ये कुंडलला लग्न झालं, तेही गांधी पद्धतीनं आणि हजारो लोकांच्या साक्षीनं. पोलीस शोधत असलेला नवरदेव उघड्या मांडवात उभा राहिला, तो गावाच्या भरवशावर. मला त्या लग्नात वधूवरांच्या धाडसाइतकंच वऱ्हाडाचं धाडस मोठं वाटतं.

सरकारी कागदांत मात्र या धाडसाला रकाना नाही. केंद्राच्या १९७२ पासूनच्या स्वातंत्र्यसैनिक निवृत्तिवेतन योजनेत भूमिगताला फरारी घोषित झाल्याचा, पकडण्यासाठी बक्षीस लागल्याचा किंवा न बजावलेल्या स्थानबद्धतेच्या हुकमाचा पुरावा द्यावा लागतो. ज्या बाईनं माणूस इतका नीट लपवला की पोलिसांना तिचा संशयही आला नाही, ती कोणता कागद आणणार? काम चोख झालं, म्हणूनच नोंद झाली नाही. यावर आक्षेप येतो की पुरावा सैल केला की बनावट माणसं घुसतात. तो खोटा नाही. बीड जिल्ह्यातल्या बनावट स्वातंत्र्यसैनिकांचं प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. म्हणून पैशाचे निकष कडकच राहू द्यावेत. पण गावाच्या स्मृतीला तिजोरीचे निकष कशाला? दुसरा आक्षेप असा, की सप्टेंबर १९४८ मध्ये पाच दिवसांत निकाल लावला तो भारतीय सैन्यानं. लावलाच, पण त्याआधीचे तेरा महिने लढा जिवंत राहिला तो या घरांमुळेही.

या संग्रामाच्या पंचाहत्तरीला स्मारकं आणि समारंभ भरपूर झाले. आता प्रत्येक ग्रामसभेनं एक वही ठेवावी: कोणाच्या माळवदावर कोण लपलं, निरोप कोणी नेला, कोणाचं घर जाळलं. सांगणाऱ्या पिढीतले आता थोडेच उरलेत आणि त्यांच्या सुना-लेकींनी ऐकलेलं अजून आठवतंय. छत्रपती संभाजीनगरच्या सिद्धार्थ उद्यानातल्या मुक्तिसंग्राम स्मृतिस्तंभापुढे यंदा त्यातली दहा नावं तरी वाचली जावीत.