झाँबीचा नाच आणि शाळेतली मुलं

संपादक महोदय,



मागच्या अंकातल्या लघुपटांच्या सदरात लिसा जॅक्सन यांच्या ‘सॅव्हेज’ची चार ओळींत बोळवण झाली आहे. मुलांच्या छळाच्या विषयात झाँबीचा नाच घालून दिग्दर्शिकेने गांभीर्य घालवलं, असा त्या ओळींचा सूर. मला हे अजिबात पटलेलं नाही.

2009 साली आलेला हा लघुपट जेमतेम सहा मिनिटांचा. काळ 1950 च्या दशकातला, जागा कॅनडा. एक लहान मुलगी गाडीच्या मागच्या सीटवर बसून बाहेर बघत चालली आहे. तिकडे स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसलेली बाई क्री या तिथल्या आदिवासी भाषेत अंगाई म्हणते आहे. संवाद एकही नाही. मुलगी निवासी शाळेत पोचते, तिचे केस कापले जातात आणि अंगाईच्या आवाजाचा आक्रोश होतो. मग वर्ग दिसतो. मेलेल्या डोळ्यांची मुलं ओळीने बाकांवर बसलेली. शिक्षिका बाहेर जाते आणि ती मुलं नाचायला लागतात.

बाई वर्गाबाहेर गेल्या की काय होतं, हे शाळेत गेलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. शाळेने इतकं करूनही ती मुलंच राहिली होती, हे सांगणारी त्या लघुपटातली एकमेव जागा म्हणजे हा नाच. तोच काढून टाकला तर उरतील फक्त बिचारी मुलं. आणि झाँबी म्हणजे तरी काय? हालतंय-चालतंय, पण आतलं माणूस काढून घेतलंय. कॅनडातल्या आदिवासी मुलांसाठीच्या निवासी शाळांचं उघड धोरण हेच होतं: भाषा, नाव, आईबाप सगळं सोडवून मुलाला ‘सुधारायचं’. सुमारे दीड लाख मुलं या शाळांतून गेली. 2008 ते 2015 या काळात या शाळांविषयीच्या सत्य आणि सलोखा आयोगाने साडेसहा हजारांहून अधिक जणांचं म्हणणं ऐकलं आणि त्याचे खंडच्या खंड निघाले. जॅक्सन यांना तशा साक्षी पडद्यावर वाचून दाखवायच्या नव्हत्या.

इतिहास माहीत नसलेला प्रेक्षक गोंधळेल, हे मान्य. पण मग दोन ओळींत तो इतिहास सांगणं हे सदराचं काम होतं.

दिग्दर्शिकेविषयी तर सदरात काहीच नाही. जॅक्सन या ओजिब्वे, म्हणजे स्वतःच्या भाषेत अनिशिनाबे. सार्नियाजवळच्या आमजिवनांगच्या. त्यांची आई निवासी शाळेत शिकलेली. 2004 च्या ‘सकरफिश’ या पहिल्यावहिल्या लघुपटात त्यांनी आईशी असलेलं अवघड नातंच पडद्यावर मांडलं. म्हणजे ‘सॅव्हेज’मधलं ते स्वयंपाकघर त्यांना परकं नाही, आणि गांभीर्य त्यांना शिकवण्याची गरज तर मुळीच नाही. ‘सॅव्हेज’ला सर्वोत्कृष्ट लघुपटाचा कॅनडाचा जिनी पुरस्कार मिळाला.

खरी अडचण आपल्या अपेक्षेत आहे. आदिवासी कलावंताने रडावं, आपण हळहळावं, एवढंच आपण त्याच्याकडून मागतो. जॅक्सन यांनी ती मागणी कधीच पुरवली नाही. 2018 मध्ये त्यांनी ‘बिडाबान: फर्स्ट लाइट’ हा आभासी वास्तवातला अनुभव उभा केला. त्यात पाणी आणि झाडांनी व्यापलेलं भविष्यातलं टोरांटो आहे, आणि तिथे ऐकू येतात त्या वेंडॅट, मोहॉक आणि अनिशिनाबे भाषा. हेडसेट डोळ्यांवर चढवून मी टोरांटोच्या नेथन फिलिप्स चौकात उभी होते. ऑफिसला जाताना रोज ओलांडते तोच चौक, आणि या जागेच्या भाषा मी तिथे पहिल्यांदाच ऐकत होते! पुढे 2024 मध्ये त्यांनी विल्फ्रेड बक या क्री तारे-अभ्यासकावर त्याच नावाचा पूर्ण लांबीचा चित्रपट केला.

मी 2022 साली कॅनडाच्या नागरिकत्वाची शपथ घेतली. फर्स्ट नेशन्स, इनुइट आणि मेटी या आदिवासी समाजांच्या हक्कांचा उल्लेख त्या शपथेत आदल्याच वर्षी आला होता. ते शब्द उच्चारलेल्या आम्हा मराठी लोकांपैकी कितीतरी जण आपला अंक वाचतात. म्हणून विनंती, की येत्या अंकात ‘सॅव्हेज’वर नीट एक पान द्यावं आणि ‘बिडाबान’वरही लिहावं.

आपली,
एक वाचक, मिसिसागा, कॅनडा

ता. क. सदरात ‘रेड इंडियन’ हा शब्द आला आहे, तो कृपया वापरू नये. मी राहते त्या शहराचं नावसुद्धा ओजिब्वेंच्याच एका शाखेचं आहे. 1847 साली इथून उठून न्यू क्रेडिटला जावं लागलेले ते मिसिसागा लोक आजही तिथे राहतात.