घोड्यांच्या नावानं



बेन्सेलमच्या स्ट्रीट रोडवरचं 'पार्क्स' आपल्यापैकी बहुतेकांना कॅसिनो म्हणूनच माहीत आहे. तिथेच एक मैलाचा रेसट्रॅक आहे, आणि तो कॅसिनोच्या कितीतरी आधीपासून तिथे आहे, हे सांगितलं की लोक माझ्याकडे जरा संशयानं बघतात. या ट्रॅकचा इतिहास मी खोदून काढला तो घोड्यांच्या प्रेमापोटी नाही, तर शाळेच्या टॅक्सच्या बिलामुळे. दर उन्हाळ्यात हे बिल येतं आणि त्यात 'होमस्टेड' म्हणून काही रक्कम वजा केलेली असते. ती स्लॉट मशीनच्या पैशातून येते. म्हणजे कॅसिनोची पायरीही न चढणाऱ्या आपल्यासारख्यांच्या घरात त्या मशीनमधला थोडा पैसा दरवर्षी येतोच. मग तो कुठून येतो आणि आणखी कुठे जातो, हे बघायला नको का?

त्याआधी या भागातल्या शर्यती व्हायच्या ईशान्य फिलाडेल्फियातल्या लिबर्टी बेल पार्कमध्ये. तो ट्रॅक १९८० च्या दशकात बंद पडला आणि त्या जागेवर १९८९ मध्ये फ्रँकलिन मिल्स मॉल आला. हो, तोच! भारतातून आलेल्या आई-बाबांना घेऊन परतीच्या बॅगा भरायला आपण जायचो तो. बेन्सेलमचा ट्रॅक नोव्हेंबर १९७४ मध्ये कीस्टोन या नावानं सुरू झाला, १९८४ मध्ये त्याचं फिलाडेल्फिया पार्क झालं.

पण तोवर वारं फिरलं होतं. राज्याची लॉटरी आली होती. १९७८ मध्ये अटलांटिक सिटीत पहिला कॅसिनो उघडला. ज्याला पैसे लावायचेत त्यानं अर्धा अर्धा तास पुढच्या शर्यतीची वाट का बघावी? मशीनचं बटण दाबलं की निकाल काही सेकंदांत. नदीपलीकडे चेरी हिलचा गार्डन स्टेट पार्क १९७७ मध्ये जळाला, १९८५ मध्ये मोठ्या थाटात पुन्हा उभा राहिला आणि २००१ मध्ये कायमचा बंद झाला. डेलावेअरनं मात्र वेगळी युक्ती काढली. १९९५ च्या अखेरीस त्यांनी स्लॉट मशीन थेट रेसट्रॅकवरच बसवली आणि त्यांच्या कमाईतला वाटा शर्यतींच्या बक्षिसांना जोडून दिला. बक्षिसं वाढली, चांगले घोडे तिकडे जाऊ लागले, आणि पेनसिल्व्हेनियाचे मालक हॅरिसबर्गला खेटे घालू लागले.

मग आलं २००४ साल. फिलाडेल्फिया पार्कच्या पागेतला स्मार्टी जोन्स नावाचा घोडा केंटकी डर्बी जिंकला, प्रीकनेस जिंकला, आणि बेलमाँटमध्ये शेवटच्या टप्प्यात मागे पडला. ज्यांनी जन्मात शर्यत पाहिली नव्हती असे लोक त्या शनिवारी टीव्हीसमोर बसले होते. पुढच्याच महिन्यात गव्हर्नर एड रेंडेल यांनी कायद्यावर सही केली. त्याच्या नावात रेसच्या घोड्यांचा विकास आधी आहे आणि गेमिंग नंतर! राज्यभरात चौदा परवाने ठरले, त्यातले सात रेसट्रॅकना. डिसेंबर २००६ मध्ये बेन्सेलमला मशीन सुरू झाली, तीन वर्षांनी स्वतंत्र इमारत उभी राहिली. २०१० मध्ये पत्त्यांची टेबलंही आली आणि नावही बदललं. 'पार्क्स' हे नाव वाचून तिथे घोडे पळतात असा अंदाज कुणालाही येणार नाही.

आता पैशाचं. माणसं स्लॉट मशीनमध्ये शंभर डॉलर हरली की त्यातले निम्म्याहून थोडे जास्त सरकारी करात जातात. चौतीस राज्याच्या खात्यात, ज्यातून आपली ती सवलत येते. काही गावाला आणि विकासकामांना. आणि दहा-बारा डॉलर घोड्यांच्या निधीला. घोड्यांचा हा आकडा राज्यभर मिळून वर्षाला वीस कोटी डॉलरच्या वर जातो. त्यातला बहुतांश भाग बक्षिसांत जातो, म्हणजे मुख्यतः घोड्यांच्या मालकांकडे, आणि ते मालक पेनसिल्व्हेनियाचे असलेच पाहिजेत असंही नाही.

या निधीच्या बाजूनं बोलणाऱ्यांचं एक म्हणणं मला मान्य आहे. घोडा म्हणजे नुसता मालक नव्हे. पहाटे पागेत घोड्यांना चालवणारे, खरारा करणारे, नाल मारणारे, गवत पिकवणारे शेतकरी, या सगळ्यांचं पोट त्यावर आहे. पागेतले बरेच कामगार लॅटिन अमेरिकेतून आलेले, आपल्यासारखेच स्थलांतरित, फक्त एच-वन आणि ग्रीन कार्डाच्या रांगेचं सुख त्यांच्या वाट्याला नाही. पण निधीतला आरोग्य आणि पेन्शनचा भाग शंभरात चार इतकाच आहे. कामगारांना पुढे करायचं आणि पैसा मालकांकडे वळवायचा, ही पद्धत साखर कारखान्यांच्या महाराष्ट्रातून आलेल्या आपल्याला शिकवायला नको.

फेब्रुवारी २०२० मध्ये गव्हर्नर टॉम वुल्फ यांनी सुचवलं, की या निधीतले वीस कोटी डॉलर राज्याच्या चौदा विद्यापीठांतल्या गरजू मुलांच्या शिष्यवृत्तीला द्यावेत. नेली ब्लाय या पत्रकार बाईंचं नाव त्या योजनेला दिलं होतं. पैशाअभावी त्यांना कॉलेज सोडावं लागलं होतं. गदारोळ झाला. २०१७ मध्ये निधीला 'ट्रस्ट' म्हटलं गेलं होतं, त्यामुळे हा पैसा सरकारचा नाहीच, असा युक्तिवाद झाला. पुढच्या वर्षीही प्रस्ताव आला आणि पुन्हा बारगळला.

माझं म्हणणं सरळ आहे. मशीन घोड्यांना वाचवायला आणली होती. आज घोडे ही मशीनची सबब झाली आहे. आणि मधल्या मधे आपली सोय झाली आहे, म्हणून आपण गप्प आहोत. सवलत घरमालकाला मिळते, भाड्यानं राहणाऱ्या तरुण जोडप्याला नाही. हरतात कोण, ते दुपारी दोन वाजता जाऊन बघा: निवृत्त माणसं, पाळी संपवून आलेले कामगार. मुलांना पार्किंगमध्ये गाडीत सोडून आत खेळायला गेलेल्या पालकांवर राज्याचं गेमिंग बोर्ड बंदी घालतं, आणि ती यादी वाढतच असते. २००८ मध्ये फिलाडेल्फियाच्या चायनाटाउनजवळ कॅसिनो येणार म्हटल्यावर तिथले लोक रस्त्यावर उतरले, कारण आपल्या आजी-आजोबांचं काय होणार हे त्यांना कळत होतं. आपल्याकडे मात्र ज्येष्ठांच्या सहलीची बस कॅसिनोला नेतात. बिचाऱ्यांना गाडी चालवता येत नाही, घरी कंटाळा येतो, तिकडे कूपन मिळतं, जेवण स्वस्त पडतं. पण ते स्वस्त का असतं?

बंदी घाला असं मी म्हणत नाही. महाराष्ट्रानं १९७६ मध्ये कॅसिनोचा कायदा केला, तो कधी अमलात आणला नाही आणि २०२३ मध्ये रद्द केला. म्हणून पणजीच्या मांडवीतल्या बोटींवर मराठी माणूस दिसत नाही असं थोडंच आहे? मागणी एवढीच, की निधीतला बक्षिसांचा वाटा चार-पाच वर्षांत टप्प्याटप्प्यानं कमी करावा, पागेतल्या कामगारांचा वाढवावा, आणि उरलेलं विद्यापीठांच्या फीला द्यावं. राज्याचं आर्थिक वर्ष १ जुलैला सुरू होतं, त्यामुळे वसंतातच आपापल्या प्रतिनिधीला पत्र गेलं पाहिजे. मत नसलेल्या व्हिसावाल्यांनीही लिहावं, टॅक्स तेही भरतात. इंग्रजी मसुदा मी करून देतो. ज्यांना हवा त्यांनी याच मेलला उत्तर द्यावं. आणि मंडळाच्या कमिटीवर कोणी असेल, तर पुढच्या ज्येष्ठांच्या सहलीसाठी दुसरी जागा सुचवा.