सही घेतली, फिल्म दाखवली नाही

चार वर्षांपूर्वी एका डॉक्युमेंटरीच्या टीमला सफाई कामगारांच्या वस्तीत मीच घेऊन गेलो होतो. तिथल्या एक मावशी त्यांच्याशी दोन तास बोलल्या. युनियन कशी उभी केली, कायम होण्यासाठी कोर्टात किती वर्षं केस लढवली, मुलीला नर्सिंगला कसं घातलं. शेवटी गटारात गुदमरून गेलेल्या नवऱ्याबद्दल विचारलं आणि त्या रडल्या. फिल्ममध्ये राहिलं ते फक्त रडणं. मुलीला ते कॉलेजच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दिसलं. ती मला एवढंच म्हणाली, "दादा, तुम्हीच आणलं होतं ना त्यांना?"

मावशींनी सही केली होती, असं टीमचं उत्तर. कागद इंग्रजीत होता, पण तो मुद्दा सोडून देऊ. नटाला आधी स्क्रिप्ट मिळते, पैसे मिळतात. मावशींनी स्वतःचीच भूमिका केली, तीही फुकट, आणि स्क्रिप्ट मात्र नंतर एडिटिंगच्या टेबलावर दुसऱ्यानेच लिहिली. मग सही नेमकी कशावर घेतली?

'रायटिंग विथ फायर' आठवा. बुंदेलखंडातल्या 'खबर लहरिया'च्या महिला पत्रकारांवरची ही फिल्म ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. मार्च 2022 मध्ये, ऑस्कर सोहळ्याच्या तोंडावर, त्याच पत्रकारांनी जाहीर सांगितलं की आमची गोष्ट अपुरी दाखवली आहे, आम्ही एकाच पक्षाच्या मागे लागलेल्या दिसतो. दिग्दर्शकांना आपल्या पद्धतीने गोष्ट सांगण्याचा अधिकार आहे, हेही त्यांनी मान्य केलं. त्या हे बोलू शकल्या, कारण त्यांच्याकडे स्वतःचं माध्यम होतं. मावशींनी खुलासा कुठे छापायचा?

दिग्दर्शक आपल्यातला नसला की असंच होणार, असं काही कार्यकर्ते म्हणतात. मला हे अर्धंच पटतं. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, 10 जण मारले गेले आणि त्यानंतर काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. त्यावर आनंद पटवर्धनांनी 14 वर्षं चित्रीकरण करून 2011 मध्ये 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. त्यातल्या राजकीय मांडणीवर आपल्यात मतभेद आहेत, असू द्या. पण त्यातली माणसं नुसती रडत नाहीत. ती गातात, चिडतात, नेत्यांना प्रश्न विचारतात. आणि तो सिनेमा वस्त्यांमध्ये पडदे लावून दाखवला गेला.

मावशींची फिल्म वस्तीत आजवर आलेली नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे की फायनल एडिटच्या आधी ती वस्तीत दाखवा, ज्यांचे चेहरे आहेत त्यांच्यासमोर, त्यांच्या भाषेत, आणि "हे काढा" म्हणायची सोय ठेवा. कलाकाराच्या स्वातंत्र्यावर घाला, असं कोणी म्हणेल. स्वतःच्या दुःखाबद्दल दोन शब्द बोलण्याचा मावशींचा अधिकार त्याहून लहान आहे का?

गेल्या महिन्यात आणखी एका टीमचा फोन आला. मी ही अट सांगितली. "बघू" म्हणाले. वस्तीचा पत्ता मी अजून दिलेला नाही.